पुरावा आणि निर्णय : डॉ. जयंत नारळीकर यांच्या विज्ञानकथेची एक चिकित्सा
(शहापूर-मुरबाड परिसरातील अध्यापनाच्या संदर्भात)

१. प्रास्ताविक

मराठी विज्ञानकथेचा विचार डॉ. जयंत विष्णू नारळीकर यांचे नाव टाळून करता येत नाही. १९ जुलै १९३८ रोजी कोल्हापूर येथे जन्मलेल्या या खगोलशास्त्रज्ञ-कथाकाराचे २० मे २०२५ रोजी पुणे येथे निधन झाले. एखाद्या मोठ्या लेखकाच्या निधनानंतरचा काळ स्वाभाविकपणे गौरवाचा असतो. वर्गात त्याची कथा शिकविणाऱ्या अध्यापकाचे काम मात्र गौरवाने संपत नाही. ती कथा कोणत्या प्रश्नांची उत्तरे देते, कोणते प्रश्न विचारतच नाही आणि समोर बसलेल्या विद्यार्थ्याच्या जगण्याशी तिचे नाते काय, हे त्याला पाहावे लागते.

प्रस्तुत निबंधात नारळीकरांच्या जीवनप्रवासाचा थोडक्यात आढावा घेऊन त्यांच्या काही निवडक कथांची चिकित्सा केली आहे. या चिकित्सेचे मुख्य प्रतिपादन असे की, नारळीकरांच्या कथेचा गाभा 'पुरावा' हा आहे. समोर आलेली गोष्ट कितीही विस्मयकारक असो, ती तपासून पाहण्याची शिस्त त्यांच्या कथेने मराठी वाचकाला लावली. परंतु पुराव्यावरून काढलेल्या निष्कर्षाचा ज्यांच्या आयुष्यावर परिणाम होणार आहे, त्या सामान्य माणसांना त्या निर्णयात स्थान कोणते, या प्रश्नापाशी ही कथा थांबते. शहापूर आणि मुरबाड या तालुक्यांतून ती वाचताना हे थांबणे विशेष जाणवते. आणि नारळीकरांच्या कथेने जे दार उघडले नाही, ते त्यांच्या जीवनाने उघडले, हेही तितकेच खरे आहे.

२. पार्श्वभूमी : दोन परंपरा

विसाव्या शतकाच्या मध्यास विज्ञानकथेचे सर्वांत मोठे केंद्र अमेरिकेत होते. ह्यूगो गर्न्सबॅक यांनी १९२६ मध्ये 'अमेझिंग स्टोरीज' हे केवळ या प्रकाराला वाहिलेले मासिक सुरू केले. १९३७ पासून जॉन कॅम्पबेल यांच्या संपादनाखाली 'ॲस्टाउंडिंग' या मासिकाने आयझॅक आसिमॉव्ह यांच्यासारखे लेखक घडविले. आसिमॉव्ह हे बोस्टन विद्यापीठात जीवरसायनशास्त्राचे अध्यापक होते, पण १९५८ मध्ये पूर्णवेळ अध्यापन सोडून ते लेखनाकडे वळले. स्वस्त कागदावरची मासिके, शब्दांच्या हिशेबाने मिळणारे मानधन आणि संपादकाला पत्रे लिहिणारा निष्ठावंत वाचकवर्ग या तीन आधारांवर तेथील लेखक उभा होता. विज्ञानकथालेखन हा त्याच्या दृष्टीने चरितार्थाचा मार्ग होऊ शकत होता.

मराठीत असे काही नव्हते. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातील श्री. बा. रानडे यांची 'तारेचे हास्य' ही कथा मराठी विज्ञानकथेच्या प्रारंभीच्या टप्प्यातील मानली जाते. पुढे भा. रा. भागवत यांनी ज्यूल व्हर्न आणि एच. जी. वेल्स यांना मराठी मुलांच्या घरात आणले. अनंत अंतरकरांच्या 'नवल' या मासिकाने अद्भुताची आवड असणारा वाचक जोपासला. नारायण धारप यांच्या लेखनात भय, गूढ आणि विज्ञान यांच्या सीमा एकमेकींत मिसळलेल्या दिसतात. १९६६ मध्ये मराठी विज्ञान परिषदेची स्थापना झाली आणि तिच्या कथास्पर्धेमुळे या प्रकाराला एक व्यासपीठ लाभले. स्पर्धा, मासिके आणि दिवाळी अंक हाच मराठी विज्ञानकथेचा आश्रय राहिला. तिचा लेखक नोकरी सांभाळून, बहुधा लोकशिक्षणाच्या भावनेने लिहीत होता.

हा फरक केवळ अर्थव्यवहाराचा नाही. अमेरिकन लेखकाला वाचक खिळवून ठेवणे भाग होते, तर मराठी लेखकाला वाचक घडविणे महत्त्वाचे वाटले. नारळीकरांच्या कथेचे बळ आणि तिची मर्यादा ही दोन्ही या भूमिकेतून समजून घेता येतात.

३. जीवन आणि लेखनप्रवास

नारळीकरांचे वडील विष्णू वासुदेव नारळीकर हे बनारस हिंदू विद्यापीठात गणित विभागाचे प्रमुख होते, तर आई सुमती या संस्कृतच्या विदुषी होत्या. जयंतरावांचे शिक्षण वाराणसीत झाले. १९५७ मध्ये पदवी घेऊन ते केंब्रिजला गेले. १९५९ मध्ये तेथील गणिताच्या ट्रायपॉस परीक्षेत 'सीनियर रँग्लर' हा सर्वोच्च मान त्यांना मिळाला. फ्रेड हॉईल यांच्या मार्गदर्शनाखाली त्यांनी १९६३ मध्ये पीएच. डी. पूर्ण केली. १९६४ मध्ये हॉईल-नारळीकर गुरुत्वाकर्षण सिद्धांत जाहीर झाला आणि १९६५ मध्ये, वयाच्या सव्विसाव्या वर्षी, त्यांना पद्मभूषण देण्यात आले. १९७२ मध्ये ते भारतात परतून मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत रुजू झाले. १९८८ मध्ये पुणे येथील 'आयुका' या आंतरविद्यापीठीय केंद्राचे ते संस्थापक संचालक झाले आणि २००३ पर्यंत ती जबाबदारी त्यांनी सांभाळली.

त्यांच्या कथालेखनाचा प्रारंभ सर्वपरिचित असला, तरी त्याचा अर्थ पुरेसा लक्षात घेतला जात नाही. १९७४ मध्ये मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेसाठी त्यांनी 'कृष्णविवर' ही कथा 'नारायण विनायक जगताप' या नावाने पाठविली. स्वतःच्या नावाची आद्याक्षरे उलट क्रमाने घेऊन हे नाव तयार केले होते. आपले हस्ताक्षर ओळखले जाऊ नये म्हणून पत्नी मंगला यांच्याकडून त्यांनी कथेची प्रत करवून घेतली. कथेला पहिले पारितोषिक मिळाले. नावाचे वजन बाजूला ठेवून केवळ कथेचे मूल्यमापन व्हावे, ही त्यामागील अपेक्षा होती. प्रयोगशाळेत निरीक्षकाच्या पूर्वग्रहाचा परिणाम टाळण्यासाठी जी काळजी घेतली जाते, तीच त्यांनी येथे घेतली. त्यांची पहिली कथा अशा रीतीने एका छोट्या प्रयोगातूनच वाचकांसमोर आली.

१९७५ च्या कऱ्हाड येथील मराठी साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदावरून दुर्गा भागवत यांनी या नव्या वळणाची दखल घेतली. 'किर्लोस्कर'सारख्या नियतकालिकांतून त्यांच्या कथा येऊ लागल्या. 'यक्षांची देणगी' हा संग्रह १९७९ मध्ये प्रसिद्ध झाला. 'प्रेषित', 'वामन परत न आला', 'व्हायरस', 'अभयारण्य' या कादंबऱ्या त्यानंतरच्या. युनेस्कोचे कलिंग पारितोषिक (१९९६), पद्मविभूषण (२००४), 'चार नगरांतले माझे विश्व' या आत्मचरित्राला साहित्य अकादमी पुरस्कार (२०१४) आणि नाशिक येथील ९४ व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद (२०२१) हे त्यांच्या वाटचालीचे ठळक टप्पे होत.

कथाकार म्हणून त्यांच्यावर हॉईल यांचा प्रभाव होता. हॉईल स्वतः विज्ञानकथाकार होते आणि त्यांची 'द ब्लॅक क्लाउड' ही कादंबरी १९५७ मध्ये प्रसिद्ध झाली होती. गुरूकडून नारळीकरांनी आणखी एक गोष्ट घेतली. विश्वाचा आरंभ महास्फोटातून झाला, हे मत बहुसंख्य खगोलशास्त्रज्ञांनी स्वीकारल्यानंतरही दोघेही स्थिर विश्वाच्या बाजूने युक्तिवाद करीत राहिले. १९९३ मध्ये हॉईल आणि जेफ्री बर्बिज यांच्यासमवेत नारळीकरांनी 'अर्धस्थिर अवस्था' या नावाने त्या कल्पनेची सुधारित मांडणी केली. वैज्ञानिक जगाने ती स्वीकारली नाही. परंतु अल्पमतात राहून पुराव्याच्या भाषेत बोलत राहण्याचा हा अनुभव त्यांच्या कथांतील एकाकी वैज्ञानिकाच्या व्यक्तिरेखेमागे उभा असावा, असे म्हणण्यास जागा आहे.

४. पुराव्याची कथा

नारळीकरांच्या व्यक्तिरेखा सपाट आहेत, संवाद माहितीने भरलेले आहेत, अशी तक्रार वारंवार केली जाते. ती निराधार नाही. तथापि, मनोविश्लेषणात्मक कथेच्या निकषांवर ही कथा तोलताना तिचे नायकत्व नेमके कोणाकडे आहे, हे नजरेआड होते. या कथांमध्ये चढउतार अनुभवते ती एक कल्पना. ती मांडली जाते, तिच्यावर शंका घेतली जाते, तिची परीक्षा होते आणि शेवटी ती टिकते किंवा कोसळते.

'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा याचे उत्तम उदाहरण ठरते. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका अपघाताच्या क्षणी अशा जगात जाऊन पोहोचतात, जेथे १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर मराठ्यांचा विजय झाला आहे. विश्वासरावांना लागलेली गोळी तेथे निसटती गेली, एवढाच काय तो फरक. त्या एका क्षणातून पुढील दोन शतकांचा इतिहास बदलला. हा प्रसंग केवळ पर्यायी इतिहासाचे रंजन म्हणून वापरण्याचा मोह कोणाही लेखकाला झाला असता. नारळीकरांचे गंगाधरपंत मात्र त्या परक्या जगातही थेट ग्रंथालयात जातात. स्वतःच लिहिलेले इतिहासाचे खंड काढून घटनांची साखळी नेमकी कोठे तुटली, हे शोधतात. परत आल्यावर त्यांच्या अनुभवाला आधार उरतो तो खिशात राहिलेल्या बखरीच्या एका पानाचा. त्यांचे मित्र राजेंद्र देशपांडे हे पान पाहिल्यावरच अनुभव गंभीरपणे घेतात आणि पुंजभौतिकी व आपत्ती-सिद्धांताच्या साहाय्याने त्याची संगती लावतात. मराठी मनाच्या सर्वांत दुखऱ्या जागेवर उभी असलेली ही कथा अश्रू ढाळत नाही. ती साधन तपासते.

'उजव्या सोंडेचा गणपती' या कथेत वस्तू तिच्या आरशातील प्रतिमेत बदलण्याची भौमितिक कल्पना आहे. क्रिकेटचा गोलंदाज आणि घरातला गणपती या दोन अतिपरिचित गोष्टी लेखकाने त्यासाठी निवडल्या. उजव्या सोंडेच्या गणपतीविषयी मराठी घरांत जो धाक व कुतूहल असते, त्याची कोठेही टवाळी न करता त्याच कुतूहलाला लेखक भूमितीच्या प्रश्नाकडे वळवतो. परक्या नावांनी आणि अवकाशयानांनी भरलेल्या अनुवादित विज्ञानकथेपेक्षा ही वाट निराळी होती. विज्ञानकथा मराठी घराच्या देव्हाऱ्यापासून सुरू होऊ शकते, हे या कथेने दाखविले.

कथेतील ही वृत्ती लेखकाच्या सार्वजनिक जीवनातही होती. २००८ मध्ये नारळीकर आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, महाराष्ट्र अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या साहाय्याने, फलज्योतिषाची सांख्यिकीय चाचणी घेतली. १०० हुशार आणि १०० मतिमंद मुलांच्या जन्मपत्रिका जमविण्यात आल्या. त्यांतील प्रत्येकी ४० पत्रिका सहभागी ज्योतिषांकडे पाठवून कोणती पत्रिका कोणत्या गटातील, हे ओळखण्यास सांगितले गेले. २७ ज्योतिषांनी उत्तरे पाठविली आणि त्यांच्या यशाचे सरासरी प्रमाण ४६ टक्के भरले. नाणे उडवूनही साधारण ५० टक्के उत्तरे बरोबर येतात. येथे लक्षात घ्यावयाची गोष्ट अशी की, ज्योतिषांना दूषणे देण्याऐवजी त्यांना निमंत्रण दिले गेले आणि निकष आधी जाहीर केले गेले. 'कृष्णविवर' टोपणनावाने पाठविणारा लेखक आणि ही चाचणी आखणारा शास्त्रज्ञ यांची शिस्त एकच आहे.

५. बंद दालनातील निर्णय

येथपर्यंत नारळीकरांच्या कथेचे सामर्थ्य स्पष्ट होते. आता तिच्या मर्यादेकडे वळावयाचे आहे. त्यासाठी 'धूमकेतू' आणि 'हिमप्रलय' या दोन कथा एकत्र वाचणे उपयुक्त ठरेल.

'धूमकेतू'चे नायक दत्तदा हे हौशी आकाशनिरीक्षक आहेत. त्यांनी शोधलेला धूमकेतू पृथ्वीवर आदळण्याची शक्यता गणिताने दिसू लागते. निवडक शास्त्रज्ञ परदेशात गुप्तपणे जमतात आणि अण्वस्त्र वाहून नेणारे यान पाठवून धूमकेतूची दिशा बदलण्याचे ठरवितात. लोकांत घबराट नको म्हणून ही गोष्ट लपविली जाते. इकडे दत्तदांच्या घरी धूमकेतूच्या शांतीसाठी यज्ञ होतो. संकट टळते तेव्हा घरच्यांना श्रेय यज्ञाचे वाटते आणि दत्तदा खिन्न होतात. आपल्या घरातच विवेक रुजला नाही, ही त्यांची व्यथा कथेचा शेवट गडद करते.

ही कथा सामान्यतः अंधश्रद्धेविरुद्धची कथा म्हणून शिकविली जाते. तो अर्थ चुकीचा नाही, पण अपुरा आहे. दत्तदांच्या पत्नी इंद्राणीदेवी यांच्यासमोर कोणता पुरावा होता, हा प्रश्न विचारून पाहावा. धूमकेतू आला, यज्ञ झाला, धूमकेतू निघून गेला, एवढेच त्यांना दिसले. यानाची गोष्ट त्यांच्यापासून लपविलेली होती. उपलब्ध माहितीवरून त्यांनी काढलेला निष्कर्ष चुकला, हे खरे, पण ती माहिती कोणी अडविली होती? ज्या दालनात सत्य ठाऊक होते, त्या दालनानेच त्याचा दरवाजा लावून घेतला होता. अज्ञान आणि गुप्तता यांचा हा संबंध कथेत उपस्थित आहे, परंतु कथेला त्याची जाणीव असल्याचे दिसत नाही. दत्तदांची खिन्नता पत्नीकडे वळते. सभागृहातील सहकाऱ्यांकडे वळत नाही.

'हिमप्रलय'मध्येही आकृतिबंध असाच आहे. वसंत चिटणीस या शास्त्रज्ञाचा इशारा प्रथम कोणी ऐकत नाही. मुंबईत बर्फ पडू लागल्यावर त्याचे म्हणणे खरे ठरते. शेवटी त्याच्याच योजनेनुसार वातावरणात धातूचे सूक्ष्म कण पसरविले जातात. एकाकी वैज्ञानिकाच्या बाजूने उभी असलेली ही कथा वाचताना वाचक चिटणीसांच्या विजयाने सुखावतो. मात्र साऱ्या पृथ्वीच्या वातावरणात हस्तक्षेप करण्याचा अधिकार मूठभर लोकांना कोणी दिला, हा प्रश्न कथेत उमटत नाही. ही कथा लिहिली गेली, तेव्हा तो प्रश्न दूरचा वाटला असेल. आज तापमानवाढ रोखण्यासाठी वातावरणाच्या वरच्या थरांत कण फवारण्याच्या कल्पनेवर जगभर वाद चालू असताना तो अगदी जवळचा झाला आहे.

'वामन परत न आला' (१९८६) या कादंबरीत उत्खननात सापडलेल्या एका बंद पेटीतून प्राचीन, प्रगत संस्कृतीचे ज्ञान बाहेर येते आणि त्यातून स्वतःसारखी दुसरी यंत्रे निर्माण करू शकणारा यंत्रमानव घडतो. ज्ञानाच्या धोक्याची लेखकाला असलेली जाणीव येथे ठळक आहे. यंत्रबुद्धीविषयी आज चाललेल्या चर्चेच्या संदर्भात ही कादंबरी पुन्हा वाचण्याजोगी आहे. पण येथेही धोका ओळखणारे आणि निवारणारे लोक त्याच वर्तुळातील आहेत.

याला अपवाद शोधू गेल्यास तो 'गंगाधरपंतांचे पानिपत'मध्येच सापडतो. त्या दुसऱ्या जगातील लोकांनी सभेतून अध्यक्षपद हद्दपार केले आहे. व्यासपीठावरील रिकामी खुर्ची पाहून गंगाधरपंत अस्वस्थ होतात, तिच्यावर जाऊन बसतात आणि भाषण करू लागतात. श्रोते संतापून त्यांच्यावर हाती येईल ते फेकतात. सामान्य माणसे निर्णय आपल्या हाती घेताना दिसतात, असा हा नारळीकरांच्या कथासृष्टीतील दुर्मीळ प्रसंग. लेखकाने तो विनोदाच्या अंगाने रंगविला आहे. त्या विनोदात एक प्रामाणिक कबुली दडलेली आहे, असे वाटते. तज्ज्ञाला खुर्चीची सवय जडलेली असते आणि खुर्ची नाकारणारा श्रोता त्याला गोंधळ घालणारा दिसतो.

६. शहापूर-मुरबाडचा वाचक

ही चिकित्सा करण्यासाठी शहापूर-मुरबाडचाच संदर्भ का, असे कोणी विचारील. या परिसरातील वाचकाला 'बंद दालनातील निर्णय' ही कल्पना समजावून सांगावी लागत नाही, हे त्याचे उत्तर आहे.

मुंबईसाठी बांधलेले तानसा धरण १८९२ चे. भातसा प्रकल्पाचे पाणी सिंचनाबरोबरच महानगराची तहान भागविते. ही दोन्ही धरणे शहापूर तालुक्यात आहेत आणि याच तालुक्यातील अनेक गावपाड्यांना उन्हाळ्यात टँकरची वाट पाहावी लागते. मुरबाड तालुक्यातील काळू धरणाचे काम वनखात्याच्या मंजुरीविना सुरू झाल्याचा आक्षेप घेण्यात आला, स्थानिक आदिवासींनी विरोध केला आणि २०१२ मध्ये उच्च न्यायालयाने ते काम थांबविले. धरणाची उंची, पाण्याचा साठा, बुडणारे क्षेत्र ही सारी विज्ञानाचीच भाषा आहे. ती भाषा बोलणारे अभियंते आपल्या क्षेत्रात चोख असतात. तरीही ज्यांचे शेत पाण्याखाली जाणार, त्यांना तो हिशेब शेवटी कळतो. अशा घरातून आलेला विद्यार्थी 'धूमकेतू' वाचतो, तेव्हा गुप्त सभेचा प्रसंग त्याला पुण्या-मुंबईच्या वाचकापेक्षा वेगळा दिसण्याची शक्यता आहे.

दुसरी बाब श्रद्धेची. ठाकूर, कातकरी, महादेव कोळी, कुणबी, आगरी समाजांतील विद्यार्थ्यांपैकी अनेकांच्या घरी भगताचा शब्द अद्याप चालतो. सर्पदंश झाल्यावर दवाखान्याऐवजी भगताकडे जाणे जिवावर बेतते, हे त्यांना सांगितलेच पाहिजे; त्यात तडजोड नाही. पण दवाखाना दूर, रस्ता पावसात बंद आणि औषध मिळेल याची खात्री नाही, या परिस्थितीत भगत जवळचा वाटतो, हेही तेवढेच वास्तव आहे. इंद्राणीदेवींच्या हातून माहिती निसटली होती, इथे साधन निसटलेले असते. अध्यापकाने दत्तदांची केवळ खिन्नता उचलली, तर विद्यार्थ्याला आपल्या आईवडिलांविषयी लाज वाटू लागेल. लाजेतून वैज्ञानिक दृष्टिकोन उगवत नाही. फार तर घरी एक आणि वर्गात दुसरे बोलण्याची सवय लागते.

तिसरी बाब आकाशाची. महानगराच्या झगमगाटात तारे दिसेनासे झाल्यामुळे मुंबईचे हौशी आकाशनिरीक्षक ठाणे जिल्ह्यातीलच वांगणीसारख्या ठिकाणी रात्र काढण्यास येतात. शहापूर-मुरबाडच्या पाड्यांवरील मुलांना अंधारे आकाश अंगणात मिळते. दत्तदांसारखा हौशी निरीक्षक निर्माण होण्यास लागणारी सर्वांत महाग गोष्ट येथे फुकट आहे. मात्र नारळीकरांच्या ज्या कथांचा येथे विचार केला, त्यांत हे अंगण दिसत नाही. त्यांतील माणसे प्रामुख्याने मुंबई-पुणे-कोलकात्याची, संशोधन संस्थांतील आणि वृत्तपत्रांतील आहेत. लेखकाने आपल्या ओळखीच्या जगावर लिहिले, यात दोष नाही. परंतु उरलेले जग पुढच्या लेखकांसाठी मोकळे आहे, हे आपण विद्यार्थ्यांना सांगावयास हवे. लक्ष्मण लोंढे यांची 'दुसरा आइन्स्टाइन' ही कथा इंग्रजीत जाऊन अमेरिकन लेखक-संपादक जेम्स गन यांच्या 'द रोड टू सायन्स फिक्शन' या संकलनमालेच्या सहाव्या खंडात समाविष्ट झाली. मराठीत लिहिलेली विज्ञानकथा दूर जाऊ शकते. प्रश्न ती कोठून निघते, हा आहे.

७. कथेबाहेरचे दार

कथांतील ही मर्यादा नोंदविल्यावर लेखकाच्या जीवनाकडे पुन्हा पाहिले असता एक विलक्षण विसंगती लक्षात येते. स्वाक्षरी मागणाऱ्या मुलांना नारळीकर सांगत की, मला पोस्टकार्डावर एक प्रश्न लिहून पाठव, मी उत्तर पाठवीन आणि त्याखाली माझी सही असेल. अशी असंख्य पत्रे त्यांना आली आणि त्यांनी उत्तरे दिली. या साध्या रिवाजाचा अर्थ मोठा आहे. स्वाक्षरी मागणारा मूल भक्त असतो, तर प्रश्न विचारणारे मूल सहभागी होते. पोस्टकार्डाला प्रवेशपरीक्षा नसते, शहर नसते, इंग्रजीची अट नसते. ज्या बंद दालनात त्यांच्या कथेतील शास्त्रज्ञ बसतात, त्या दालनाला त्यांनी स्वतः टपालाची एक फट ठेवली होती.

मराठीत लिहिण्याचा त्यांचा निर्णयही याच दृष्टीने पाहावा लागेल. केंब्रिजमध्ये नाव कमावलेल्या शास्त्रज्ञाला कथा इंग्रजीत लिहून अधिक मोठा बाजार मिळाला असता. त्यांनी मराठी मासिकांसाठी लिहिले, मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत इतरांच्या रांगेत उभे राहून कथा पाठविली आणि ज्योतिषांना चाचणीसाठी बोलाविले. या प्रत्येक कृतीत पुरावा तज्ज्ञांच्या वर्तुळाबाहेर नेण्याची धडपड आहे. त्यांच्या कथेतील वैज्ञानिक लोकांना वाचवितो; प्रत्यक्षातील नारळीकर लोकांना विचार करण्यास बोलावीत राहिले. दोहोंत दुसरी भूमिका अधिक अवघड आहे आणि आपल्या अध्यापनाला तीच अधिक जवळची आहे.

८. समारोप

या चिकित्सेतून तीन निष्कर्ष हाती येतात. पहिला, नारळीकरांच्या कथेचे मूल्यमापन व्यक्तिचित्रणाच्या निकषावर संपवू नये; कल्पनेची परीक्षा घेण्याची तिची रीत हाच तिचा कलाव्यवहार आहे. दुसरा, ही कथा पुराव्याविषयी जितकी जागरूक आहे, तितकी निर्णयाच्या अधिकाराविषयी नाही. 'धूमकेतू'मधील गुप्तता आणि घरातील अज्ञान यांचा संबंध अध्यापनात आवर्जून उलगडला पाहिजे. तिसरा, लेखकाच्या जीवनातील व्यवहार या मर्यादेला पूरक आहे, म्हणून त्याच्या कथा आणि त्याची पोस्टकार्डे एकत्र शिकविणे योग्य ठरेल.

पदवी वर्गात 'धूमकेतू' शिकविताना विद्यार्थ्यांना तीच घटना इंद्राणीदेवींच्या बाजूने लिहावयास सांगता येईल. त्यांना कोणती माहिती असती तर त्यांचा निष्कर्ष बदलला असता, याची यादी करता येईल. 'हिमप्रलय'नंतर आपल्या तालुक्यातील एखाद्या प्रकल्पाची कागदपत्रे माहितीच्या अधिकारात मागवून त्यांतील तांत्रिक भाषा गावच्या बोलीत उतरविण्याचा उपक्रम मराठी, भूगोल आणि विज्ञान या तिन्ही विभागांना मिळून घेता येईल. यासाठी दुर्बीण किंवा प्रयोगशाळा लागत नाही. कथा, कागद आणि प्रश्न विचारण्याची मोकळीक एवढेच पुरेसे आहे.

नारळीकरांनी मराठी वाचकाला 'हे खरे कशावरून?' असे विचारावयास शिकविले. शहापूर-मुरबाडच्या वर्गात त्याच प्रश्नाला 'हे कोणी ठरविले?' या दुसऱ्या प्रश्नाची जोड द्यावी लागेल. पहिला प्रश्न त्यांच्या कथांतून मिळतो. दुसरा विचारण्याचे बळ विद्यार्थ्याला त्याच्या स्वतःच्या परिसरातून मिळेल, फक्त तो विचारू देणारा अध्यापक समोर हवा.